मांडवीच्या दोन्ही तीरांवर : फाल्गुनातला गोवा

गोव्याहून परतलेल्या माणसाला समुद्र आठवतो, नद्या आठवत नाहीत. खरं तर हे राज्य नद्यांनी घडवलेलं. क्षेत्रफळ 3,702 चौरस किलोमीटर, म्हणजे शेजारच्या सिंधुदुर्ग जिल्ह्यापेक्षाही लहान. पण मांडवी आणि जुवारी या दोन नद्यांतून भरतीचं खारं पाणी पार आतल्या गावांपर्यंत शिरतं आणि शेती, मीठ, मासे, होड्या सगळं त्या पाण्याच्या वेळेवर चालतं. राज्याच्या सीमाही याच नद्यांनी ठरवल्या. पोर्तुगीजांनी 1510 मध्ये तिसवाडी घेतली, 1543 मध्ये बार्देश आणि सासष्टी. या झाल्या जुन्या काबिजादी, म्हणजे आधी जिंकलेला मुलूख. फोंडा, डिचोली, सत्तरी, पेडणे हा बाकीचा मुलूख त्यांच्या हाती लागायला अठराव्या शतकाचा उत्तरार्ध उजाडला. मधली दोनशे वर्षं नदीच्या अलीकडे एक राज्य आणि पलीकडे दुसरं. हा सांधा आजही उघड दिसतो, फक्त किनारा सोडून आत वळावं लागतं.

फाल्गुन निवडण्याचं कारण साधं: शिगमो म्हणजे गोव्याचा शिमगा, काजूचा हंगाम आणि मिठागरांची ऐन धांदल हे तिन्ही एकत्र सापडतं. त्याची किंमत उन्हात आणि घामात मोजावी लागते. सकाळी सात ते अकरा आणि दुपारी चारनंतर फिरायचं, मधला वेळ जेवण आणि सावली. पावसाळ्यातला हिरवा गोवा वेगळाच, पण तेव्हा मीठही नाही आणि हुर्राक, म्हणजे काजूची पहिल्या धारेची दारूही नाही.

दिवस पहिला : पणजी, रायबंदरचा रस्ता आणि मीठ

पणजीला कोकण रेल्वेचं जवळचं स्टेशन करमळी. रस्त्याने सावंतवाडी-बांदा-पत्रादेवी असं येत असाल तर पत्रादेवीला पाच मिनिटं थांबा. 15 ऑगस्ट 1955 ला गोव्यात शिरलेल्या निःशस्त्र सत्याग्रहींवर इथे गोळीबार झाला, त्यांचं स्मारक रस्त्यालगतच आहे.

फोंतेंय हा पणजीतला जुना मोहल्ला सकाळी आठच्या आत पायीच बघायचा. नंतर तिथे लग्नाआधीची फोटोशूट सुरू होतात आणि राहत्या घरांच्या दारात लोक पाय पसरून बसतात. रहिवासी वैतागलेले आहेत, जागोजागी पाट्या आहेत, त्या पाळाव्यात. रंगांपेक्षा खिडक्या बघा. जुन्या घरांत काचेऐवजी शिंपल्यांची तावदानं आहेत: एक प्रकारचा चपटा, जवळपास पारदर्शक शिंपला चौकोनी कापून लाकडी पट्ट्यांच्या खाचांत सरकवलेला. ऊन आत येतं, पण धग आणि झगमगाट बाहेरच राहतो. तुटलेला शिंपला बदलणारे कारागीर कमी झाले, म्हणून मधूनच एखाद्या चौकटीत साधी काच दिसते.

नाश्त्याला पातळभाजी आणि पाव, नाहीतर उंडो, म्हणजे गोल कडक पाव. पोदेर म्हणजे पाववाला अजूनही सायकलला भोंगा लावून सकाळी आणि संध्याकाळी फिरतो. पोई मिळाली तर ती घ्या. कोंड्याच्या पिठाची, आतून पोकळ, शाकुतीच्या रश्शात बुडवायला हिच्यासारखी दुसरी नाही. पूर्वी पीठ माडाच्या सुरेने फुगवत, आता बहुतेक ठिकाणी यीस्ट असतं. चवीत फरक पडतो, आणि जुनी माणसं तो दर वेळी ऐकवतात.

दुपार कलल्यावर पाटोहून रायबंदरकडे निघायचं. हा रस्ता म्हणजे पोर्तुगीजांनी 1633-34 च्या सुमारास दलदलीवर बांधलेला सुमारे तीन किलोमीटरचा बांधीव पूल, व्हाइसरॉय लिन्यारिशच्या नावाचा. गाडीतून गेलात तर आपण पुलावर होतो हेसुद्धा कळत नाही. एका बाजूला मांडवी, दुसऱ्या बाजूला खारफुटी आणि मिठागरं.

इथलं मीठ उन्हावर आणि उधाणावर बनतं. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाचं पाणी दारं उघडून आधी मोठ्या साठवणीच्या कुंडात घेतात. तिथे गाळ बसतो आणि पाणी तापू लागतं. मग ते टप्प्याटप्प्याने उथळ वाफ्यांत सोडतात. खारेपणा मोजायच्या बोमे मापावर समुद्राचं पाणी तीन-साडेतीन अंश भरतं, आणि मीठ धरायला ते पंचविशीपर्यंत चढावं लागतं. त्याआधी जिप्सम तळाशी बसतं, म्हणून ते शेवटच्या वाफ्यात येऊ द्यायचं नाही. उलट पाणी तिशीपलीकडे आटू दिलं तर मॅग्नेशियमचे क्षार उतरतात आणि मीठ कडवट होतं, ओलही धरतं. हे उरलेलं पाणी वेळेवर सोडून देणं हीच खरी हुशारी. वाफ्याची जमीन हंगामाच्या सुरुवातीला पायांनी मळून, चोपून घट्ट केलेली असते. जाळीचा फावडा ओढताना हात जड पडला की ती उखडते आणि मीठ काळपट येतं. मिठगावडे हे काम पिढ्यान्‌पिढ्या करतात. फाल्गुनात एखादी अवकाळी सर आली तरी कित्येक दिवसांची कमाई वाफ्यातच विरघळते, त्यामुळे मिठागरावरचा माणूस तुमच्याशी बोलतानाही एक डोळा आभाळाकडे ठेवतो.

रस्त्याकडेला ढिगांतून जाडं मीठ विकत मिळतं. लोणच्याला आणि मासळी खारवायला उत्तम. घरी नेल्यावर मातीच्या बरणीत ठेवा, प्लास्टिकच्या पिशवीत पाणी सुटतं.

दिवस दुसरा : जुनं गोवं, दिवाडी, नार्वे

जुनं गोवं पणजीपासून दहा किलोमीटर. सकाळी बासिलिका ऑफ बॉम जेझूसपासून सुरुवात करावी, कारण साडेदहानंतर बसगाड्या लागतात. 1594 ला सुरू होऊन 1605 ला पुरी झालेली ही इमारत बाकीच्या चर्चपेक्षा वेगळी दिसते, कारण तिला गिलावा नाही, जांभा उघडा आहे. विसाव्या शतकात गिलावा काढला गेला, छायाचित्रात ते रुबाबदार दिसतं, आणि दगडाला ते सोसत नाही. जांभा सच्छिद्र. तो पाऊस पितो, कोपरे झिजतात, शेवाळ धरतं. गोव्यातली बाकीची चर्चं पांढरीशुभ्र असतात ती शोभेपेक्षा याच कारणाने: चुना म्हणजे जांभ्याची छत्री. दर्शनी भागावरचं बारीक कोरीवकाम जांभ्यात होत नाही, ते काळ्या दगडात आहे, आणि तो दगड आपल्या वसईकडून जहाजाने आणलेला.

आत सेंट फ्रान्सिस झेवियरचं शव. 1552 मध्ये चीनच्या किनाऱ्याजवळच्या बेटावर तो वारला. चांदीची पेटी 1636-37 मध्ये गोव्याच्या सोनारांनी घडवली, खालचा संगमरवरी चौथरा तस्कनीच्या राजाने पाठवला. दर दहा वर्षांनी शव खाली आणून दर्शनाला ठेवतात, मागची खेप 2024-25 ची. फेस्त, म्हणजे त्याचा सण, 3 डिसेंबरला, त्या आठवड्यात इथे गाडी आणायचा विचारही करू नका.

समोरच्या से कॅथेड्रलला एकच मनोरा आहे, दुसरा 1776 मध्ये कोसळला. सेंट ऑगस्टिनचं भग्न संकुल मात्र चुकवू नये. 46 मीटर उंच मनोऱ्याचा उरलेला अर्धा भाग आणि जमिनीवर पसरलेले कबरींचे कोरीव दगड. 1842 मध्ये छत खाली आलं आणि नंतर उरलंसुरलं. इथली प्रचंड घंटा आता पणजीच्या चर्चमध्ये आहे. साथीच्या रोगांनी शहर रिकामं केलं, व्हाइसरॉय 1759 मध्ये पणजीकडे सरकला, आणि 1843 मध्ये राजधानी अधिकृतपणे हलली. लाखभर लोकांचं नगर होतं असं सांगतात. आता रात्री इथे कुत्रं भुंकलं तर मांडवीपलीकडे ऐकू जावं.

व्हाइसरॉयच्या कमानीखालून सरळ उतरलं की फेरीबोटीचा धक्का. पायी माणसाला पैसे पडत नाहीत, बोट साधारण अर्ध्या तासाने सुटते. दुचाकी चढवताना ओहोटी असेल तर उतार जास्त आणि शेवाळी असतो: पहिल्या गियरमध्ये, पाय टेकत, पुढचा ब्रेक न दाबता. बोट टेकायच्या आधीच लोक इंजिनं चालू करतात, तुम्ही घाई करू नका.

पलीकडे दिवाडी बेट. इथे खाजन बघायचं. भरतीचं पाणी अडवून मिळवलेली ही खोलगट शेतं नदीच्या पातळीपेक्षा खाली असतात. बाहेरचा बांध दगड-मातीचा, आतले बांध चिखल आणि गवताचे, आणि सगळ्याचा जीव एका लाकडी दारात: मानस. दोन झडपा नदीच्या बाजूला कलत्या बसवलेल्या असतात. भरती चढली की बाहेरचं पाणी त्यांना रेटून बंद करतं, ओहोटी लागली की आतलं पाणी त्यांना ढकलून उघडतं. माणूस लागत नाही, वीज लागत नाही. लाकूड असं की खाऱ्या पाण्यात वर्षानुवर्षं टिकलं पाहिजे. मानशीच्या तोंडाशी ओहोटीला जाळं लावलं की कोळंबी आणि शेवटे मासे मिळतात, आणि तो हक्क लिलावाने दिला जातो.

बिघडतं कुठे? खेकड्यांच्या बिळांनी. बोटभर बीळ दोन उधाणांत हातभर होतं, मग बांध फुटतो आणि खारं पाणी भातात शिरतं. कोरगुट जातीचं भात खारटपणा सोसतं, तेही एका मर्यादेपर्यंत. पूर्वी गावकरी ही गावाची सामाईक संस्था, पोर्तुगीज कागदांतली कोमुनिदाद, दर वर्षी बांधांची डागडुजी करी. तिच्या रूढी पोर्तुगीजांनी 1526 मध्येच लिहून घेतल्या होत्या, म्हणजे संस्था त्यांच्या कितीतरी आधीची. आज कुळं शेती करत नाहीत, मासळीचा ठेका मात्र सोन्याच्या मोलाचा, म्हणून काही ठिकाणी मानस मुद्दाम उघडी ठेवतात. सोडून दिलेल्या खाजनात दोन-चार वर्षांत खारफुटी उभी राहते. ती दिसायला सुंदर असते आणि जमीन गेल्याची खूणही तीच.

मानस चालताना बघायची तर भरतीची वेळ ठाऊक हवी. कोकणातला जुना हिशेब इथेही लागू पडतो: तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची ढोबळ वेळ मिळते. अष्टमीला सहा, पौर्णिमेला सव्वाअकरा. अर्ध्या-पाऊण तासाचा फरक धरायचा. झडपा बंद होण्याचा क्षण ओहोटी संपून पाणी परतायला लागतं तेव्हाचा, म्हणजे पूर्ण भरतीच्या चार-पाच तास आधी.

बेटाच्या उत्तरेकडून दुसरी फेरी नार्व्याला. सप्तकोटेश्वर हा कदंब राजांचा कुलदेव मुळात दिवाडी बेटावरचा. मंदिर पाडलं गेल्यावर लिंग नदीपलीकडे डिचोलीच्या बाजूला नेलं, आणि 1668 मध्ये शिवाजी महाराजांनी इथलं मंदिर उभारवलं. दरवाज्यावर तसा शिलालेख आहे. अलीकडे दुरुस्ती होऊन 2023 मध्ये ते पुन्हा खुलं झालं. फेरीत बसून दहा मिनिटांत जे अंतर तुटतं, तेवढ्याच पाण्याने देवाला वाचवलं.

दिवस तिसरा : फोंड्याचे देव आणि शिगमो

हीच कथा फोंडा तालुक्यात पावलापावलावर भेटते. मंगेश कुठ्ठाळीहून आला, म्हाळसा वेर्ण्याहून, शांतादुर्गा केळशीहून, महालक्ष्मी कोलव्याहून. सोळाव्या शतकात सासष्टीत देवळं पाडली जात होती, तेव्हा जुवारीपलीकडचा अंत्रुज महाल, म्हणजे आजचा फोंडा, आदिलशाहीत होता. भाविक रात्री होड्यांतून मूर्ती घेऊन निघाले, आणि मुसलमान राजाच्या मुलखात हिंदू देव सुरक्षित झाले. फोंड्यातच 1560 ची साफा मशीद आहे, तिच्या तळ्याच्या कमानी बघून मग मंगेशीला गेलं की हा इतिहास पाठ करावा लागत नाही.

देवळांच्या बांधणीत मौज आहे. शिखराऐवजी घुमट, खिडक्यांना युरोपीय कमानी, सज्जांना चर्चसारखे कठडे, छपराला कौलं, आणि समोर अनेक मजली दीपस्तंभ. चर्चं बांधणाऱ्या हातांची कला नदी ओलांडून देवांच्या पाठोपाठ आली. कवळ्याचं शांतादुर्गेचं सध्याचं देऊळ शाहू महाराजांच्या काळातलं. म्हार्दोळला पितळी समईचे थर मोजत उभं राहावं, आणि दारात जाईच्या कळ्यांचे गजरे मिळाले तर घ्यावेत.

गुडघ्यावरची पँट किंवा उघडे खांदे चालत नाहीत, गाभाऱ्याचे फोटो घेता येत नाहीत. दुपारी दर्शन काही वेळ बंद असतं, म्हणून मंगेशी, म्हार्दोळ, नागेशी, कवळे हा क्रम सकाळीच आटोपावा. सगळी एकमेकांपासून हाकेच्या नाहीत तरी अर्ध्या तासाच्या आत आहेत.

दुपारी फोंड्यात शीत-कडी, म्हणजे भात आणि माशाची कढी. ताटात हुमण, किसमूर, तळलेली तुकडी, सोलकढी. बांगड्याची उडीदमेथी लिहिलेली दिसली तर दुसरं काही मागवू नका. उडीद, मेथी, तांदूळ तेलात भाजून नारळ-मिरचीसोबत वाटलेले, वर ठेचलेली तिरफळं. तिरफळ चावायचं नसतं, बाजूला काढायचं. मेथी एक दाणा जास्त भाजली गेली की सगळी कढी कडू, म्हणून ही आमटी खाणावळीच्या हाताची परीक्षा असते.

संध्याकाळी शिगमो. मिरवणुकीची वेळ चारची छापलेली असते, ती निघते दिवेलागणीनंतर आणि चालते मध्यरात्रीपर्यंत. मुख्य रस्ता दुपारीच बंद होतो, तेव्हा गाडी गावाबाहेर लावून चालत या. चित्ररथ ठीक, पण उभं राहायचं ते रोमटामेळासाठी: ढोल-ताशे, कांसाळी, निशाणं आणि ‘ओस्सय, ओस्सय’. शे-दोनशे माणसं एका ठेक्यावर वाकतात आणि उठतात, तेव्हा पायाखालचं डांबरही ठेका धरतं. घोडेमोडणी डिचोली-सत्तरीकडची: कमरेला लाकडी घोडा, डोईला फेटा, हाती तलवार. शहरातल्या मिरवणुकीत ती बक्षिसासाठी नाचतात. गावच्या मांडावर, म्हणजे शिगम्याच्या ठरलेल्या पवित्र जागी, नमन घालून होते ती निराळी, तिथे प्रेक्षकाने कडेला उभं राहायचं आणि चपला काढायच्या.

दिवस चौथा : सत्तरी, भाटी आणि तांबडी सुर्ल

वाळपईच्या रस्त्याला लागलं की काजूचा आंबूस वास गाडीत शिरतो. इथे बोंड झाडावरून तोडत नाहीत, आपोआप पडलेलंच वेचतात, कारण पूर्ण पिकल्याशिवाय त्यात साखर भरत नाही. पहाटे वेचणी, पिरगळून बी वेगळी, आणि बोंडं कोळंबीत. कोळंबी म्हणजे उतारावर कोरलेलं किंवा बांधलेलं उथळ टाकं, त्यात पायांनी तुडवतात. चोथ्याचा गोल ढीग वेलीने आवळून वर दगड ठेवला की रात्रभर थेंब थेंब नितळ रस पडतो, तो नीरो. थंडगार प्यावा, आणि सकाळीच. दुपारपर्यंत तो फसफसायला लागतो.

तुडवलेला रस दोन-तीन दिवस आपणहून आंबतो, वरून काही घालत नाहीत. मग तो भाणात, म्हणजे तांब्याच्या भांड्यात, चढवतात. वाफ नळीतून पाण्यात बुडवलेल्या लावणीत, म्हणजे ती झेलणाऱ्या भांड्यात, उतरते, तो पहिल्या धारेचा हुर्राक. हुर्राक आणि आंबलेला रस मिसळून पुन्हा उकळला की फेणी. जाळ एकसारखा मंद हवा. घाई केली की रस उतू जाऊन नळीत शिरतो आणि सगळी खेप करपट लागते. हुर्राक सौम्य, पण टिकत नाही, हंगाम संपला की संपला. लिम्का, मीठ आणि चिरलेली हिरवी मिरची घालून पितात, आणि गोड लागतो म्हणून अंदाज चुकतो. फेणी 42 टक्क्यांच्या आसपास. तिला 2009 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. भाटीवर, म्हणजे दारू गाळायच्या जागी, जायचं तर विचारून, आणि गाडी चालवणाऱ्याने चाखूही नये. परवान्याशिवाय बाटली महाराष्ट्रात आणता येत नाही, बांद्याला गाड्या तपासतात.

तिथून तांबडी सुर्ल. कदंबकाळातलं, बाराव्या शतकाच्या सुमाराचं महादेवाचं देऊळ सह्याद्रीच्या पायथ्याशी आहे. सगळा दगड काळा बेसाल्ट. गोव्याची जमीन जांभ्याची, म्हणजे हे चिरे घाटावरून उतरवले. आडवाटेच्या जंगलात असल्यानेच ते वाचलं. नंदीमंडपातल्या खांबांवर हत्तीने घोड्याला चिरडलेलं शिल्प शोधा आणि मान वर करून छतातलं कमळ बघा. शेजारच्या ओहोळात पाय बुडवता येतात. दूधसागराचा मोह फाल्गुनात आवरावा: कुळ्याहून जीपची रांग तीच, पाणी मात्र निम्म्याहून कमी.

दिवस पाचवा : रायतूर, चांदर, उसगाळीमळ

मडगावहून आधी रायतूर. जुवारीकाठच्या इथल्या सेमिनारीशी, म्हणजे पाद्री घडवणाऱ्या विद्यालयाशी, मराठी वाचकाचं नातं आहे. इंग्लंडातून आलेल्या जेझुइट थॉमस स्टीफन्सचं ओवीबद्ध ख्रिस्तपुराण 1616 मध्ये इथे छापलं गेलं, मराठी मजकूर आणि लिपी रोमन. त्याच सत्तेने पुढे 1684 मध्ये स्थानिक भाषेवर बंदीचा हुकूम काढला. आदल्याच वर्षी संभाजी महाराजांच्या फौजा जुवें बेटावर पोचल्या होत्या, हे लक्षात ठेवून ती तारीख वाचावी. सेमिनारी चालू संस्था आहे, आधी फोन करून परवानगी घ्या.

चांदर म्हणजे जुनं चंद्रपूर, भोजांची आणि नंतर कदंबांची राजधानी. उत्खननाच्या जागी मुंडकं नसलेला नंदी उरलाय. लोक जातात ते मेनेझिस ब्रागांझा घराण्याच्या प्रचंड वाड्यासाठी. दोन शाखा, दोन दारं, दोन्हीकडे वेगळी देणगी. ती द्या, एवढ्या छपराची कौलं दर वर्षी फेरायला काय पडत असेल ते डोळ्यांनी दिसतं.

रिवणहून नेत्रावळीच्या रस्त्यावर उसगाळीमळची पाटी आहे, पुढे जुन्या खाणीच्या बाजूने कच्चा रस्ता. कुशावतीच्या काठी जांभ्याच्या सपाट कातळावर बैल, हरणं, माणसं आणि एक वर्तुळाकार चक्रव्यूह कोरलेला आहे. अभ्यासकांचं लक्ष तिकडे 1993 मध्ये गेलं, गावाला तो कातळ ठाऊक होताच. रेषा उथळ आहेत. भर दुपारी आलात तर नुसता तांबडा दगड दिसेल. सकाळी नऊच्या आत किंवा साडेचारनंतर तिरपं ऊन हवं. खडूने रेषा भरू नयेत, चपलांनी घासू नये. जून ते सप्टेंबर कातळ बराचसा पाण्याखाली असतो.

संध्याकाळची गाडी मडगावहून असेल तर इथून दीड-दोन तास हाताशी ठेवा. भाड्याची दुचाकी काळ्या पाटीवर पिवळ्या आकड्यांचीच घ्यावी. पांढऱ्या पाटीची स्वस्तात मिळते, आणि पोलिसांनी अडवल्यावर तितकीच महाग पडते.